उपरण्याखालचा हात

लग्नानंतर सव्वीस वर्षांनी मी माझ्या बायकोचा हात पहिल्यांदा चारचौघांत धरला, आणि त्यामुळे घोडेगावच्या बाजारात आमच्या म्हशीचा भाव वाढला.

(लग्नात धरला होता, नाही असं नाही. पण तो भटजींनी धरायला लावला होता आणि मागे दोन्हीकडचे मामा उभे होते. त्याला हात धरणं म्हणत नाहीत, हजेरी लावणं म्हणतात.)

माझी पिठाची गिरणी आहे. शेवगावपासून थोडं आत, आमच्या गावात, घराला लागूनच. तीस वर्षं मी तिच्या आवाजात काढली. गिरणीत उभा राहणारा माणूस हळूहळू दोनच गोष्टी शिकतो: ओरडून विचारणं आणि उत्तर न ऐकता मान डोलावणं. "बाजरी का ज्वारी?" एवढं विचारता आलं की धंदा चालतो. संसारही तेवढ्यावर चालतो, असा माझा समज होता. संध्याकाळी घरी जातो तेव्हा मी डोक्यापासून पायापर्यंत पांढरा असतो. बायको, म्हणजे मंदा, अंगणातच हातात फडकं देते. "आदी झटका, मग आत या." हा आमचा रोजचा प्रेमसंवाद.

सात वाजले की मात्र मंदा कुणाची नसते. सात वाजता तिची मालिका लागते. ती मेथी निवडत निवडत बघते, आणि मी जेवणाची वाट बघत बघत बघतो. त्यातला नायक कुठल्यातरी मोठ्या कंपनीचा मालक आहे, पण त्याला कामावर गेलेला मी अजून पाहिलेला नाही. त्याचे केस सतत उडत असतात. घरात, बंद खोलीत, दवाखान्यातसुद्धा! पंखा कुठं लावलाय तेच कळत नाही. नायिका आठवड्यातून एकदा तरी घसरते. ती घसरली की तो झेलतो, आणि मग दोघं एकमेकांच्या डोळ्यांत बघत तसेच वाकून राहतात. सोमवारी घसरलेली बाई बुधवारशिवाय उभी राहत नाही. (तेवढ्यात माझ्याकडे अख्ख्या वाडीचा गहू दळून होतो.) आमच्याकडे बाई घसरली तर आधी "डोळं कुठं हुतं?" असं विचारतात, मग उचलतात.

आता आमच्या घरातल्या तिसऱ्या माणसाविषयी सांगायला हवं. चंद्री, आमची म्हैस. दुसऱ्या वेताची, कपाळावर रुपयाएवढा पांढरा ठिपका, आणि स्वभाव असा तापट की मंदाशिवाय कुणाला कासेला हात लावू देत नाही. मी एकदा लावला होता. त्यानंतर आठवडाभर मी जेवणसुद्धा उभ्यानं केलं.

मागच्या हिवाळ्यात मंदाचं उजवं मनगट सुजलं. डॉक्टरांनी पट्टी बांधली आणि सांगितलं, "धार काढणं बंद करा, नाहीतर हे दुखणं जाणार नाही." मी गिरणीवाला माणूस. पट्टा घासला की पट्टा बदलायचा, विषय संपला. त्याच दिवशी जेवताना मी एका वाक्यात निकाल लावला.

"शुक्रवारी चंद्रीला घोडेगावच्या बाजारात नेतो. तुझा हात तरी सुटंल."

मंदा ताटात भाकरी वाढत होती. म्हणाली, "बरं."

तिच्या 'बरं'ला मी सव्वीस वर्षं होकार समजत आलो होतो. मी आणखी एक भाकरी मागून घेतली.

दुसऱ्या दिवशी सात वाजता मालिकेत नायिका खिडकीशी पाठमोरी उभी होती. नायक मागून आला (केस उडत होतेच) आणि म्हणाला, "तू काही बोलू नकोस. मला कळलंय." वाजंत्री वाजली. मंदाच्या हातातली मेथीची काडी तशीच राहिली.

"बगा," ती म्हणाली, "न बोलता कळतं त्याला."

"त्याला कागदावर लिहून देत्यात," मी म्हणालो.

मंदा उठली आणि तिने टीव्ही बंद केला. मालिका चालू असताना! तिच्या चुलत सासूबाई गेल्याचा फोन आला होता तेव्हाही तिने नुसता आवाज कमी केला होता. काहीतरी मोठं बिनसलंय एवढं मलाही समजलं. काय बिनसलंय ते मात्र समजेना.

त्या दिवसापासून तिचं बोलणं बंद झालं. भांडण नाही, आदळआपट नाही. चहा वेळेवर येई, साखर बरोबर असे, आणि चहाबरोबर एक शब्दही जास्तीचा येत नसे. मंदा भांडली तर मला घाबरायला होत नाही, सवय आहे. पण ही शांतता वेगळी होती. गिरणी बंद पडल्यावर जसं एकदम कानात काहीतरी वाजतं, तसं मला घरात वाटायला लागलं. तिसऱ्या दिवशी मी पुण्याला मुलीला, अश्विनीला, फोन लावला.

"पप्पा, मम्मी बोलतच नाही का?"

"बोलती की. चहा घ्या म्हनती."

"आणखी काय?"

मी आठवून पाहिलं. "कप द्या म्हनती."

अश्विनीने मोठा उसासा टाकला. "पप्पा, तुम्ही मम्मीचा हात शेवटचा कधी धरला होता?"

"कशापायी? पडली का काय कुठं?"

"अहो, पडायला कशाला पाहिजे? प्रेमाने! तिलाही वाटत असेल ना. रोज ते सगळं टीव्हीवर बघते आणि घरात तुम्ही! थांबा, मी तुम्हाला काही रील्स पाठवते. बघा आणि शिका."

तिने एकेचाळीस रील्स पाठवल्या. मी त्या गिरणीत बसून, मोबाईलच्या काचेवरचं पीठ पुसत पुसत सगळ्या पाहिल्या. एक नवरा बायकोच्या डोळ्यांवर पट्टी बांधून तिला फुग्यांनी भरलेल्या खोलीत नेतो. दुसरा भर रस्त्यात गुडघ्यावर बसून फूल देतो. (बसायला माझी हरकत नाही. उठायला मला गिरणीचा खांब लागतो, आणि तो बरोबर नेता येत नाही.) तिसरा तर बायकोला नुसतं बघूनच रडतो. माझ्या मागे काशीआत्या दळणाचा डबा घेऊन कधी येऊन उभ्या राहिल्या ते मला कळलंच नाही.

"काय बगतोस रं एवढं?"

"बायकूला खूश कसं करायचं ते."

काशीआत्यांनी फुगेवाली रील डोळ्यांशी धरून पूर्ण पाहिली. मग मोबाईल परत देत म्हणाल्या, "समदं खरं. पर ह्यांच्या घरी दळान कोन आनतं?"

तरीही मी हिंमत धरली. शेवगावला जाऊन एक गुलाब आणला. रीलमध्ये फूल अशा जागी ठेवतात, जिथं बायकोचा हात सगळ्यात आधी जातो. मंदाचा हात संध्याकाळी सगळ्यात आधी जातो तो भिजवलेल्या पेंडीच्या बादलीत. मी गुलाब तिथं खोचला आणि गोठ्याच्या दाराआड लपून उभा राहिलो. मंदा आली, तिने अंधूक उजेडात न बघताच बादली उचलली आणि चंद्रीपुढे ठेवली. चंद्रीने पहिल्याच घासाला गुलाब खाल्ला! देठाचा तुकडा तेवढा तोंडाबाहेर राहिला.

"आवं!" मंदा ओरडली. "बादलीत काटं कुनी टाकलं? जिभंला लागलं असतं की तिच्या!"

तिने चंद्रीच्या जबड्यात हात घालून बोटाने सगळं तोंड तपासलं. "कुटं लागलं माज्या बाईला? दाव बगू. न्हाई ना लागलं?" असं पाच मिनिटं चाललं होतं. मी सहा फुटांवर उभा राहून हे सगळं बघत होतो, ऐकत होतो. आणि मला काय वाटलं? मला वाटलं, गुलाब फुकट गेला.

दुसरा प्रयत्न झेलण्याचा. गोठ्यातली फरशी नुकतीच धुतली होती. मंदा शेणाची पाटी उचलून निघाली आणि तिचा पाय जरासा सरकला. घसरली असंही म्हणता यायचं नाही, तिने नुसता पाय बदलला. पण मी कालपासून ह्याच संधीची वाट बघत होतो! हात पसरून झेप घेतली. मालिकेत नायकाच्या पायाखाली शेण नसतं, हा बारीक मुद्दा माझ्या लक्षात आला नव्हता. मी मंदाच्या शेजारून सुळकन गेलो आणि थेट चंद्रीच्या पुढ्यात पालथा पडलो. मंदाने पाटी खाली ठेवली, पट्टी बांधलेल्या हाताने मला दंडाला धरून उठवलं आणि विचारलं, "डोळं कुठं हुतं?"

चार दिवसांतलं तिचं माझ्याशी झालेलं ते सगळ्यात लांब बोलणं.

गुरुवारी अश्विनीचा शेवटचा आदेश आला. "पप्पा, फुलंबिलं सोडा. उद्या बाजारात सगळ्यांसमोर मम्मीचा हात धरा. एवढं एक करा. बाकी काही जमलं नाही तरी चालेल."

शुक्रवारी पहाटे टेम्पो आला. चंद्रीला आणि तिच्या रेडकाला वर चढवलं. मी पुढे ड्रायव्हरशेजारी मंदासाठी जागा पुसून दिली, तर ती म्हणाली, "मी मागं उबी ऱ्हाते. तिच्यापाशी." मला वाटलं, मालिकेतल्यासारखा वारा हवा असेल हिला. मी पुढे बसलो. घोडेगाव येईपर्यंत मी ड्रायव्हरला सध्या लोक गहू बारीक मागतात की जाड हे समजावून सांगत होतो, आणि मागे मंदा अख्खी वाट म्हशीच्या मानेवर हात ठेवून उभी होती. हे मला ड्रायव्हरने उतरताना सांगितलं. त्याच्या आरशात दिसत होतं.

बाजार भरला होता. म्हशींच्या रांगाच रांगा, शिंगांना लावलेलं तेल उन्हात चमकतंय, टेम्पोंचे हॉर्न, कडब्याच्या पेंढ्या, आणि सगळ्यावर चहाचा आणि शेणाचा मिळून एक वास. आम्हाला बघताच बन्सीभाऊ दलाल पुढे आले. मंदाचं माहेर तिथून जवळच, आणि तिचे वडील, तात्या, त्या बाजारातले नावाजलेले दलाल. बन्सीभाऊ त्यांच्याच हाताखाली तयार झालेले. त्यामुळे मी त्यांचा दाजी.

ज्यांनी गुरांचा बाजार पाहिला नसेल त्यांच्यासाठी सांगतो. तिथं जुने लोक भाव तोंडाने बोलत नाहीत. घेणारा आणि देणारा हातात हात देतात, वर उपरणं टाकतात, आणि उपरण्याखाली एकमेकांची बोटं धरून आकडा सांगतात. जितकी बोटं धरली तितका आकडा. पंजा धरला की पाच. वरून दोघंही आभाळाकडे बघत असतात. हात सुटेपर्यंत तिसऱ्या माणसाने मध्ये बोलायचं नाही. आणि देणाऱ्याला भाव पटला की तो अख्खा पंजा घट्ट दाबतो, उपरणं काढतो, सौदा झाला!

चहा घेताना बन्सीभाऊंनी एक आठवण काढली. "दाजी, तात्यांनी ह्या मंदाताईला बारकी असतानाच बोटं शिकवली हुती. सात-आठ वर्सांची असंल. तात्या घरची एक कालवड इकाया इथंच घेऊन आल्ते. गिऱ्हाईक ठरत आलं, तवर हिनं तात्यांच्या उपरन्यात हात घातला आन् बोटं धरली. पाच! पुन्ना पाच! पुन्ना पाच! थांबंच ना! तात्यांनी गिऱ्हाईकाला नमस्कार घातला आन् कालवड माघारी नेली!"

सगळे हसले. सगळ्यात मोठ्याने मी हसलो. मंदा हसली नाही. ती चंद्रीच्या कपाळावरचा ठिपका बोटाने पुसत होती, जसा काही तो निघणारच आहे.

एक गिऱ्हाईक आलं. पागोटं बांधलेले, मिशीवाले, राहुरीकडचे कुणी पाहुणे. त्यांनी चंद्रीचे दात पाहिले, कास पाहिली, चालवून पाहिली. बन्सीभाऊंनी त्यांच्या हातावर आपलं उपरणं टाकलं आणि बोटं बोलू लागली. मला काही काम उरलं नाही. काम नसलं की माणसाला भलतं सुचतं. मला अश्विनीचा आदेश आठवला.

मी इकडेतिकडे बघितलं. चारचौघं? तिथं चारशे होते! त्यातले दहा-बारा आमच्याच गावचे. ह्या सगळ्यांदेखत बायकोचा हात धरायचा? मला दरदरून घाम फुटला. घाम पुसायला खांद्यावरचं उपरणं ओढलं आणि डोक्यात एकदम उजेड पडला. झाकून धरला तर कुणाला दिसणार आहे!

मी मंदाच्या शेजारी सरकलो, तिच्या हातावर उपरणं टाकलं आणि खालून तिचा हात धरला.

माझ्या आयुष्यात इतका मोठा मूर्खपणा मी दुसरा केलेला नाही. भर बाजारात, म्हशीला टेकून, उपरण्याखाली हात!

शेजारचा म्हशीवाला बोलता बोलता थांबला. त्याने पलीकडच्याला कोपराने ढोसलं. बघता बघता आमच्याभोवती रिंगण झालं.

"सौदा चाललाय."

"बाई घेती व्हय म्हस?"

"शिर्डीच्या कुन्या हॉटेलवाल्याची असंल. दुधाला बगत आसत्याल."

"उपरन्यात हात घालती म्हंजी पक्की येपारी हाय!"

राहुरीच्या पाहुण्यांनी मान वळवून आमच्याकडे पाहिलं. त्यांच्या मिशीखालचा रंग उडाला. त्यांनी उपरण्याखाली बन्सीभाऊंची बोटं भराभर बदलून धरली. बन्सीभाऊंचे डोळे चमकले. ते मागे वाकून माझ्या कानाशी आले.

"दाजी, हात सोडू नगा! भाव चढतुया!"

सव्वीस वर्षांत मला कुणी सांगितलं नव्हतं की बायकोचा हात सोडू नका. सांगितलं ते दलालाने!

इकडे मंदा आखडून गेली होती. "काय करताय? सोडा की. लोक बगत्यात."

मला मालिकेतलं वाक्य आठवलं. तिच्या डोळ्यांत बघत, जमेल तितक्या खोल आवाजात म्हणालो, "तू काही बोलू नकोस. मला कळलंय."

"काय कळलंय?"

ह्याच्यापुढचं वाक्य मालिकेत नव्हतं. तिथं वाजंत्री वाजली होती. इथं चंद्रीने शेपूट झाडली.

मी तसाच हात धरून उभा राहिलो. आणि मला पहिल्यांदा तिचा हात कळायला लागला. मला वाटलं होतं त्यापेक्षा तो पुष्कळ लहान होता. मनगटावर पट्टी, तळव्याला घट्टे, आणि अंगठ्याच्या मुळाशी एक लांबट उंचवटा. भाजल्याचा डाग. तो कधीचा, मला आठवेना. मग जाणवलं की आठवायचा प्रश्नच नव्हता, तो मला मुळी ठाऊकच नव्हता. ह्या हाताचं मी सव्वीस वर्षं खाल्लं, आणि मला त्यावरचा डाग ठाऊक नव्हता! मला खरंच लाज वाटली. लोकांची नव्हे, तिची.

तेवढ्यात तिची बोटं हलली. आधी हळूच. मग तिने माझा पंजा धरला. सोडला. पुन्हा धरला. पुन्हा. मला वाटलं, जमलं! अश्विनी म्हणते तेच खरं, प्रेमाने हात दाबतेय. मी लाजून आभाळाकडे बघितलं. पण ती थांबेना. पंजा, पुन्हा पंजा, पुन्हा पंजा, ठरावीक चालीत, कपड्याआड, नेमका. माझ्या डोक्यात गिरणीचा पट्टा चढावा तसं हळूहळू काहीतरी फिरायला लागलं. पाच. पुन्हा पाच. पुन्हा पाच.

मी मान खाली केली. मंदा समोर बघत होती, चेहरा सरळ, ओठ मिटलेले. आणि दोन्ही डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

बायको माझ्याकडून आमचीच म्हैस विकत घेत होती.

"मंदा," मी अगदी हळू म्हणालो, "चंद्री द्यायची न्हाई तुला?"

तिने नकारार्थी मान हलवली.

"मग बोलली का न्हाईस?"

"इचारलं कवा तुमी?" तिचा आवाज इतका बारीक होता की मला वाकून ऐकावं लागलं. "अश्विनी लग्न हून गेली त्याच म्हयन्यात चंद्री झाली. तुमी दिसभर गिरनीत. घरात बोलाया दुसरं कोन हाय मला? हात दुकतोय तर दुकू दे. पर तिला न्हेऊ नगा."

आजूबाजूला चारशे माणसं होती आणि मला एकाचाही आवाज येत नव्हता. आमच्या घरात मंदा आणि चंद्री रोज किती बोलत होत्या, आणि मी भिंतीपलीकडे पीठ झटकत होतो! मला कुणी गुलाब मागितला नव्हता, झेल मागितला नव्हता. त्या मालिकेतल्या केस उडवणाऱ्यामध्ये तिला आवडलं होतं ते एवढंच की तो तिच्याकडे बघून ओळखतो. ओळखणं मला जमणार नव्हतं. पण आता सांगितल्यावर तरी कळायला काय हरकत होती?

मी तिचा अख्खा पंजा घट्ट दाबला. दुखऱ्या मनगटाला सांभाळून. उपरणं ओढून काढलं आणि ओरडलो (गिरणीवाल्याचा आवाज तो, अर्धा बाजार दचकला), "दिली!"

"झाला सौदा!" रिंगणातून आरोळी उठली. कुणीतरी शिट्टी मारली. राहुरीच्या पाहुण्यांनी कपाळाला हात लावला. बन्सीभाऊ धावत आले.

"दाजी, कुनाला दिली? कितीला दिली? मी हिकडं पावन्यांना वर चढवत हुतो की!"

"मंदाला दिली."

"मंदाताईला? तुमचीच म्हस? तुमच्याच बायकूला?" बन्सीभाऊंनी एकदा माझ्याकडे बघितलं, एकदा मंदाकडे. तिने डोळे पदराने पुसले होते आणि चाळीस वर्षांपूर्वी कालवड माघारी नेताना हसली असेल तशी हसत होती. बन्सीभाऊंनी आपलं उपरणं खांद्यावर टाकलं. "तात्याबी आसंच फसलं हुतं," ते म्हणाले आणि दलालीबद्दल एक अख्खा कप चहा पिऊन गेले.

परतताना मी ड्रायव्हरशेजारी बसलो नाही. टेम्पोत मागे उभा राहिलो. मधे चंद्री, एका बाजूला मी, एका बाजूला मंदा, खाली रेडकू. बरंच पुढे आल्यावर मंदाने विचारलं, "समद्यांदेखत हात कशापायी धरला?"

"अश्विनीनं सांगितलं."

"आन् मग इतका येळ धरूनच ऱ्हायलात?"

"बन्सीभाऊ म्हनले, सोडू नगा."

मंदाने चंद्रीच्या पाठीवरून मला एक चापट मारली. मग मी खरं ते सांगितलं. "सोडावाच वाटंना," म्हणालो. ती दुसरीकडे बघायला लागली, पण चंद्रीच्या पाठीवर ठेवलेला हात तिने तिथंच ठेवला, आणि मीही माझा तिथंच ठेवला. "ह्यो भाजल्याचा डाग कदीचा?" मी विचारलं. घर येईपर्यंत ती मला त्या डागाची गोष्ट सांगत होती, आणि मी मान न डोलावता ऐकत होतो.

आता ह्या प्रकाराचं पुढे काय झालं ते सांगितलं नाही तर अश्विनी रागावेल. बाजारात कुणीतरी मोबाईलवर आमचं चित्रण केलं होतं. त्याची रील झाली. मागे बासरी, वरून पाकळ्या पडतायत, मंदाच्या डोळ्यांतलं पाणी अगदी सावकाश गालावर येतंय, आणि मी आभाळाकडे बघतोय. चंद्रीला त्यातून कापून टाकलंय! खाली लोकांनी लिहिलं होतं, 'असा नवरा मिळायला भाग्य लागतं', 'काकांच्या नजरेतलं प्रेम बघा'. मंदाने ते मला मोठ्याने वाचून दाखवलं. काकांच्या नजरेत त्या घटकेला प्रेमबीम काही नव्हतं. काका पाचाचा पाढा म्हणत होते.

आणि मंदाचं मनगट? ते बरं व्हायचं तर तिने धार काढायची नाही, हे डॉक्टरांचं म्हणणं कायम होतं. म्हैस घरात राहणार, बायकोने हात लावायचा नाही. मग घरात हात उरले कुणाचे?

गिरणी बंद करून मी गोठ्यात बसतो तेव्हा बरोबर सात वाजलेले असतात. मंदा मोबाईलवर मालिका लावून शेजारी पाट घेऊन बसते. ती जवळ असली की चंद्री मलाही कासेला हात लावू देते. टीव्हीसमोर एकटीला करमत नाही म्हणते. "हळू वो, तिला दुकंल," "अंगठा आत घ्या की," असं मला शिकवते, मधेच नायिका घसरली की मला थांबवून दाखवते, आणि दिवसभराचं सगळं आता चंद्रीच्या आधी मला सांगते. नायक अजून तसाच आहे. कामावर जात नाही, केस उडतात. पण आता मला त्याचा हेवा वाटत नाही. माझेही केस, आहेत तेवढे, रोज सातला उडतात. चंद्री शेपूट मारते ना, तेव्हा.